चार्टमध्ये लिहिले आहे तेवढेच

मी शिक्षणाने फिजिओथेरपिस्ट आहे. ठाण्यातल्या एका छोट्या दवाखान्यात मी सहा वर्षे काम केले आणि तिथे येणाऱ्यांपैकी बरेचसे रुग्ण रस्त्यावरच्या अपघातातून उठून आलेले असत. प्लास्टर काढल्यावर कोणाचा गुडघा वाकत नसे, कोणाला मान वळवता येत नसे, कोणी घोडबंदर रस्त्यावर दुचाकी घसरून मनगट मोडून घेतलेले असे. मुलीच्या जन्मानंतर दवाखान्याच्या संध्याकाळच्या वेळा सांभाळणे अवघड झाले, तेव्हा कॉलेजातल्या एका मैत्रिणीने ऐरोलीतल्या तिच्या कंपनीत मेडिकल कोडरची भरती चालू असल्याचे कळवले. अमेरिकेतल्या रुग्णालयांच्या तातडीच्या विभागातले, म्हणजे आमच्या भाषेत ईडीचे, चार्ट (रुग्णाच्या तपासणी-उपचारांच्या नोंदी) वाचून त्यांना कोड लावायचे, काम दिवसपाळीचे, आणि कळव्याहून प्रवासही फार नाही. अपघाताच्या दुखापती मला पाठ होत्या, त्यामुळे हे काम सहज जमेल असे मी धरून चालले होते. प्रत्यक्षात माझे ते ज्ञानच सुरुवातीचे कित्येक महिने माझ्या आड येत राहिले.

अमेरिकेत रुग्णालयाचे बिल विमा कंपनीकडे जाते तेव्हा दुखापत शब्दांत जात नाही, कोडमध्ये जाते. १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथे आयसीडी-१०-सीएम ही संहिता लागू आहे आणि दरवर्षी १ ऑक्टोबरला तिच्यात नवे कोड येतात, काही जुने गळतात. अपघाताच्या चार्टला या संहितेतली दोन प्रकरणे लागतात. एकोणिसाव्या प्रकरणात एस आणि टी या अक्षरांनी सुरू होणारे कोड आहेत. शरीराला काय झाले ते त्यांतून सांगायचे. विसाव्या प्रकरणात व्हीपासून वायपर्यंतचे कोड आहेत. ते कसे झाले, कुठे झाले, त्या वेळी माणूस काय करत होता, हे त्यांतून सांगायचे. विसाव्या प्रकरणातला कोड कधीही पहिल्या क्रमांकावर लावता येत नाही. आधी मोडलेले हाड, मग ते मोडणारी गाडी.

प्रशिक्षण तीन महिन्यांचे होते. मोबाइल लॉकरमध्ये ठेवायचा, आत कागद-पेन न्यायचे नाही, पडद्यावरचे काहीही बाहेर बोलायचे नाही. रुग्णाच्या माहितीच्या गोपनीयतेविषयी अमेरिकेत १९९६ साली झालेला हिपा कायदा आम्हाला पहिल्याच दिवशी शिकवला गेला आणि तो मला मनापासून पटला. म्हणून पुढे जे नमुने देते ते कोणा एका रुग्णाचे नाहीत, रोज दिसणाऱ्या शेकडो चार्टांवरून मी बेतलेले आहेत.

पहिला नमुना मानेचा. एक बाई सिग्नलला मोटार थांबवून उभ्या आहेत, मागून दुसरी मोटार येऊन आदळते, त्यांची मान पुढेमागे झटकली जाते आणि दोन तासांनी त्या मान आखडल्याची तक्रार घेऊन ईडीत येतात. तपासणीच्या नोंदीत मणक्याच्या मध्यरेषेवर दुखरेपणा लिहिलेला आहे. मी ते वाचले आणि मनाशी ठरवले की इथे अस्थिबंधाला, म्हणजे हाडांना एकमेकांशी बांधणाऱ्या पट्ट्याला, इजा झाली आहे, आणि मानेच्या अस्थिबंधाच्या लचकेचा कोड, म्हणजे एस१३.४, लावून मोकळी झाले. प्रशिक्षिका मॅडमनी चार्ट परत पाठवला. शेवटच्या निदानाच्या ओळीत डॉक्टरांनी ‘सर्व्हायकल स्ट्रेन’ एवढेच लिहिले होते. स्ट्रेन म्हणजे स्नायूची किंवा कंडरेची (स्नायूला हाडाशी जोडणाऱ्या दोरीची) ओढ, तिचा कोड एस१६.१. डॉक्टरांनी ‘व्हिपलॅश’, म्हणजे मानेला बसलेला झटका, हा शब्द वापरला असता तर सूचीप्रमाणे एस१३.४ बरोबर ठरला असता. मी मॅडमना सांगायला गेले की एवढ्या धक्क्यात, तेही मध्यरेषेवर दुखत असताना, नुसता स्नायू ओढला जाणे कठीण आहे. त्यांनी शांतपणे विचारले, “तुम्ही त्या बाईंच्या मानेला हात लावला आहे का?” मी गप्प बसले. मराठीत आपण दोन्हीला ‘मान लचकली’ म्हणतो. संहितेत ते दोन वेगळे अवयव आहेत, आणि त्यांतला कोणता दुखावला हे सांगण्याचा अधिकार फक्त तपासणाऱ्याचा आहे.

शब्दांचे असे आणखी कितीतरी धक्के बसले. ‘रिस्ट्रेन्ड ड्रायव्हर’ हे मी प्रथम वाचले तेव्हा रुग्णाला खाटेला बांधून ठेवावे लागले असावे असे मला वाटले, कारण रुग्णालयात त्या शब्दाचा तोच अर्थ मी ऐकला होता. इथे त्याचा अर्थ चालकाने सीटबेल्ट लावलेला होता, एवढाच आहे. ‘टी-बोन’ म्हणजे बाजूने काटकोनात बसलेली धडक. गंमत वाटेल, पण धडक मागून बसली की बाजूने, याने कोड बदलत नाही. आदळणारे वाहन कोणते, याने बदलतो.

व्हीचे कोड शिकायला मला सर्वांत जास्त वेळ लागला आणि आज मला तोच भाग सर्वांत सुंदर वाटतो. तिथे पहिला प्रश्न असा विचारायचा की जखमी माणूस कशावर किंवा कशात होता. पायी चालणारा असेल तर व्ही०० ते व्ही०९, सायकलवर असेल तर व्ही१० ते व्ही१९, मोटारसायकलवर व्ही२० ते व्ही२९, तीनचाकी वाहनात व्ही३० ते व्ही३९, मोटारीत व्ही४० ते व्ही४९, पुढे पिकअप ट्रक व व्हॅन, मग अवजड वाहने, मग व्ही७० पासून बस. दुसरा प्रश्न, समोरचे काय होते: दुसरी मोटार, ट्रक, आगगाडी, जनावर, की खांब. तिसरा प्रश्न, माणूस चालवत होता की नुसता बसला होता. चौथा, अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला की अन्यत्र. चारही उत्तरे मिळाली की कोड आपोआप हाताशी येतो. वरच्या नमुन्यातल्या बाई मोटार चालवत होत्या, समोर साधी मोटार होती, जागा रस्त्यावरची होती, म्हणून व्ही४३.५२. त्यांच्या शेजारी बसलेल्या बहिणीला व्ही४३.६२. हाच प्रकार दुकानाच्या वाहनतळात झाला असता तर तो रस्त्यावरचा अपघात धरला जात नाही आणि चालकाचा कोड व्ही४३.०२ होतो. जागा लिहिलेलीच नसेल तर मोटारीचा अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला असे धरायचे, असा नियम आहे. एअरबॅग उघडून तोंडावर बसली असेल तर तिच्यासाठी डब्ल्यू२२.१ मध्ये स्वतंत्र जागा आहे. आणि चार्टमध्ये नुसते ‘एमव्हीए’ (मोटार वाहन अपघात) लिहून डॉक्टर पुढे गेले असतील तर उरतो व्ही८९.२, म्हणजे कोणत्या तरी मोटार वाहनाच्या अपघातात जखमी झालेला कोणी तरी. हा कोड लावताना मला दर वेळी वाईट वाटते. माणूस रुग्णालयात आपली सगळी हकीकत सांगून गेलेला असतो आणि कागदावर त्यातली तीन अक्षरे उरतात.

मात्र हकीकत असेल तर ती एकाच जागी असते असे नाही. डॉक्टरांच्या नोंदीत ‘एमव्हीए’ असेल, पण परिचारिकेच्या पहिल्या नोंदीत ‘नवरा गाडी चालवत होता, मी शेजारी’ असे रुग्णाचे वाक्य असेल. रुग्णवाहिकेच्या कागदावर रस्त्याचा प्रकार असेल. आमच्या गटात अपघाताचे स्वरूप ठरवण्यासाठी या नोंदी पाहण्याची मुभा होती, निदानासाठी नव्हती. निदान डॉक्टरांचेच. हा फरक कळल्यानंतर मी चार्ट शेवटच्या ओळीपासून न वाचता पहिल्या नोंदीपासून वाचू लागले. त्यात वेळ गेला, दिवसाचे टार्गेट चुकले, टीम लीडरची बोलणी खाल्ली, पण व्ही८९.२ ची संख्या कमी झाली.

कोडचे सातवे अक्षर हे दुसरे मोठे प्रकरण. दुखापतीच्या बहुतेक कोडना शेवटी ए, डी किंवा एस जोडावे लागते (अस्थिभंगाला याखेरीज आणखी काही अक्षरे आहेत), आणि कोड सहा अक्षरांपेक्षा आखूड असेल तर मधली रिकामी घरे एक्सने भरायची, म्हणून एस१६.१ पूर्ण लिहिताना एस१६.१एक्सएक्सए होतो. ‘ए’चे नाव पहिली भेट असे असले तरी त्याचा खरा अर्थ दुखापतीवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत असा आहे. ‘डी’ म्हणजे उपचार झाले, आता बरे होण्याचा काळ. ‘एस’ म्हणजे मूळ दुखापत संपून तिचे मागे राहिलेले परिणाम. एका चार्टमध्ये रुग्णाने आठवड्यापूर्वी दुसऱ्या शहरात कपाळावर टाके घालून घेतले होते आणि ते काढायला तो आमच्या ईडीत पहिल्यांदा आला होता. या रुग्णालयात त्याची पहिलीच भेट म्हणून मी ‘ए’ लावला. ऑडिटमध्ये चूक निघाली: जखमेवरचे उपचार मागेच झाले होते, टाके काढणे हा बरे होण्याचा भाग, म्हणून ‘डी’. गेली सहा वर्षे माझ्याकडे येणारा प्रत्येक रुग्ण ‘डी’च होता, आणि तरी मी चुकले. त्या महिन्यात माझी अचूकता ९५ टक्क्यांच्या खाली गेली आणि पुढचे दोन आठवडे माझा प्रत्येक चार्ट तपासूनच पुढे जात असे.

त्याच काळात मी सीपीसी या कोडरांच्या प्रमाणपत्र परीक्षेचा अभ्यास करत होते. शंभर प्रश्न, चार तास, पुस्तके उघडी ठेवण्याची परवानगी. पण पुस्तक कुठे उघडायचे ते माहीत नसेल तर त्या परवानगीचा उपयोग नाही. परीक्षेपेक्षा मला फ्लोअरवरच्या चार्टांनी अधिक शिकवले. डोक्याला मार लागलेल्या रुग्णाच्या निदानात ‘कन्कशनची (धक्क्याने मेंदूला झालेल्या इजेची) शक्यता’ असे लिहिले असेल तर ईडीच्या चार्टला कन्कशनचा कोड लावता येत नाही, कारण ईडी बाह्यरुग्ण सेवेत मोडते आणि तिथे शक्यतेला कोड नाही. डोकेदुखी, चक्कर, जे निश्चित आहे तेच लावायचे. कन्कशन निश्चित असेल तर शुद्ध हरपली होती का आणि किती वेळ, यावर सहावे अक्षर ठरते. त्याच जागी मोठी इजा असेल तर तिथले खरचटणे वेगळे लावायचे नाही. जखम शिवली असेल तर तिची लांबी सेंटिमीटरमध्ये हवी. चेहऱ्यावरच्या साध्या शिवणीचा कोड २.५ सेंटिमीटरपर्यंत एक आणि त्यापुढे दुसरा आहे, पण कित्येक डॉक्टर ‘चार टाके घातले’ एवढेच लिहितात, आणि टाक्यांच्या संख्येवरून कोड लागत नाही. हाड मोडले असेल आणि अस्थिभंग उघडा (त्वचा फाटून जखम हाडापर्यंत गेलेला) की बंद हे लिहिलेले नसेल, तर तो बंद धरायचा. सरकला आहे की नाही हे लिहिलेले नसेल, तर सरकलेला धरायचा.

‘धरायचा’ हा शब्द मला फार बोचत असे. क्ष-किरणाचा अहवाल वाचून मला चित्र डोळ्यांसमोर दिसायचे आणि तरी हात आवरावा लागायचा. अशा वेळी आमच्या हाती एकच साधन असते: डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे लेखी प्रश्न, पाठवणे. तीही अशी लिहावी लागते की उत्तर सुचवले जाणार नाही. ‘हा उघडा अस्थिभंग आहे ना?’ असे विचारता येत नाही; ‘अस्थिभंगाचा प्रकार कृपया स्पष्ट करावा’ असे विचारावे लागते. उत्तर येईपर्यंत चार्ट थांबतो, आणि थांबलेला चार्ट म्हणजे थांबलेले बिल.

बिल का थांबते, हे मला पैशांची बाजू पाहिल्यावर उमगले. न्यूयॉर्कसारख्या राज्यांत चूक कोणाचीही असो, अपघातातल्या जखमींच्या उपचाराचा खर्च प्रथम वाहन विम्यातून निघतो, आरोग्य विमा त्यानंतर. डॉक्टरांच्या बिलाच्या सीएमएस-१५०० या अर्जावर दुखापत मोटार अपघाताची आहे का आणि कोणत्या राज्यात झाली, यासाठी वेगळा रकाना आहे. बाह्य कारणाचे कोड देशभर सक्तीचे नाहीत, काही राज्ये आणि काही विमा कंपन्या तेवढे मागतात. पण दुखापतीचा कोड आहे आणि कारण नाही, असे बिल आरोग्य विमा कंपनीकडे गेले की ती रुग्णालाच पत्र पाठवून विचारते की हे कसे झाले. मानेला पट्टा लावून घरी बसलेल्या माणसाला त्या पत्राचे उत्तर द्यावे लागते, आणि ते त्याने दिले नाही तर बिल त्याच्याच नावावर राहते. हे समजल्यापासून व्हीचा कोड मी कधी घाईने लावलेला नाही.

गेल्या पावसाळ्यात माझा दीर ठाणे-बेलापूर रस्त्यावर रबाळ्याजवळ पडला. तो दुचाकीवरून कामावर निघाला होता आणि मागून एका टेम्पोने त्याला उडवले. जवळच्या एका रुग्णालयात नेले, त्याच रात्री शस्त्रक्रिया झाली, नडगीत सळई घातली. मी पोहोचले तेव्हा तो शुद्धीवर होता. पँट कापून काढलेली होती, डाव्या नडगीच्या पुढच्या बाजूला अंगठ्याएवढी जखम होती, आणि ड्रेसिंग बदलताना तिच्या तळाशी हाडाचा पांढुरका कोना मी स्वतः पाहिला.

आठव्या दिवशी डिस्चार्ज कार्ड मिळाले. त्यावर निदान म्हणून ‘आरटीए, फ्रॅक्चर टिबिया’, म्हणजे रस्ता अपघात, नडगीचे हाड मोडले, एवढेच होते. डावा की उजवा, नाही. जखमेचा उल्लेख नाही. कोणत्या वाहनाने धडक दिली, तो स्वतः चालवत होता की मागे बसला होता, काही नाही. सवयीने मी मनात कोड लावायला घेतला आणि थबकले. आमच्या नियमाने हे कार्ड वाचणारा कोणीही हा अस्थिभंग बंद धरील. मी पाहिलेले हाड त्या कागदावर नव्हते. आपल्याकडे मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे भरपाई मागताना हेच कागद पुढे ठेवले जातात, हे आमच्या वकिलांनी आधीच सांगितले होते, आणि उघड्या अस्थिभंगात जंतुसंसर्गाचा धोका, पुढच्या शस्त्रक्रिया, बुडणारे दिवस, सगळेच वेगळे असते.

मी वॉर्डमधल्या निवासी डॉक्टरांकडे गेले. छत्तीस तास ड्यूटी करून ते खुर्चीत टेकले होते. त्यांना दोष द्यावा असे मला वाटले नाही. “डॉक्टर, निदान थोडे सविस्तर लिहून द्याल का? बाजू आणि अस्थिभंगाचा प्रकार,” एवढेच मी म्हणाले. ‘ओपन’ हा शब्द मी तोंडातून काढला नाही, ती सवय अंगात मुरली होती. त्यांनी शस्त्रक्रियेची नोंद मागवली, वाचली आणि नवे कार्ड लिहिले: डाव्या टिबियाच्या मधल्या भागाचा उघडा, तुकडे झालेला अस्थिभंग, गस्टिलो प्रकार दोन (ही उघड्या अस्थिभंगाची प्रतवारी). संहितेप्रमाणे एस८२.२५२बी; बंद अस्थिभंगाच्या ‘ए’ऐवजी अशा उघड्या अस्थिभंगाला ‘बी’ लागतो. शेवटचे अक्षर ‘ए’चे ‘बी’ व्हायला त्यांना चार मिनिटे लागली.

वाहनाचा प्रश्न मात्र तसाच राहिला. नव्या कार्डावर डॉक्टरांनी ‘टेम्पो’ लिहिले, पोलिसांच्या कागदावरही तेच होते. आपण तीनचाकी मालवाहू रिक्षेलाही टेम्पो म्हणतो, चारचाकी छोट्या मालगाडीलाही म्हणतो आणि मोठ्या गाडीलाही. दुचाकीस्वारासाठी संहितेत या तीन वेगवेगळ्या जागा आहेत: व्ही२२, व्ही२३ आणि व्ही२४. मी दिराला विचारले. तो डोळे मिटून थोडा वेळ पडून राहिला आणि म्हणाला, “वहिनी, छोटा होता, चारचाकी. पुढचा दिवा माझ्या गुडघ्याच्या उंचीवर होता, तो मला दिसला.” ते वाक्य मी त्याच दिवशी तारीख आणि वेळ घालून लिहून ठेवले आणि त्याच्या जबाबात आले आहे याची खात्री करून घेतली.

आता तो घरीच आहे. सकाळी ऐरोलीला निघण्यापूर्वी मी त्याच्या गुडघ्याचे आणि घोट्याचे व्यायाम घेते. नडगीवर वजन टाकले की अजून दुखते, आणि माझ्या हाताला जे जाणवते त्यावरून हाड जुळायला वेळ लागतो आहे असे मला वाटते. उघडा अस्थिभंग नीट जुळत असेल तर पुढच्या भेटींना सातवे अक्षर ‘ई’ लागते, जुळायला उशीर होत असेल तर ‘एच’. शस्त्रक्रिया करणाऱ्या डॉक्टरांकडे मंगळवारी एक्स-रे घेऊन जायचे आहे. मागच्या भेटीत त्यांनी कागदावर फक्त ‘चालू ठेवा’ असे लिहिले होते. या वेळी हाडाच्या जुळणीविषयी एक पूर्ण वाक्य लिहून द्यावे, अशी विनंती मी करणार आहे. ते कोणते असावे, हे मी सुचवणार नाही.